चार रुपये पगार, आणि बॅट नाही

शनिवारी मार्केट यार्डात फळं-भाजीपाल्याचा बाजार बंद असतो. रविवारी ज्या रस्त्यावर पाय ठेवायला जागा मिळत नाही, टेम्पोला टेम्पो घासतो, तिथं शनिवारी दुपारी पोरं क्रिकेट खेळतात. गाळ्यांची शटरं खाली. स्टंप म्हणून प्लास्टिकचे तीन क्रेट एकावर एक. कोबीचा पाला पायानं बाजूला सारायचा आणि सिमेंटवर टेनिस बॉल. ऑफला भिंत, लेगला उभा ट्रक. भिंतीला सरळ लागला तर दोन रन. ट्रकच्या वरून गेला तर आउट, कारण बॉल शोधायला जाणार कोण.

मी सासवडचा. आमच्या भागातली अंजिरं, सीताफळं, वाटाणा सगळं यार्डातच उतरतं, त्यामुळे इथं येणं लहानपणापासूनचं. वडिलांबरोबर टेम्पोत पुढं बसून यायचं, पट्टी हातात पडेपर्यंत गाळ्याच्या पायरीवर बसायचं, मग चहा-क्रीमरोल. पत्रकार झाल्यावरही बाजारभावाच्या बातमीसाठी चकरा चालूच राहिल्या. शिवाय माझी मावसबहीण इथंच जवळ दिली आहे. दाजी यार्डात तोलणार.

हे घर खेळाडूंचं. दाजींचे वडील गावाकडच्या तालमीतले, जत्रेच्या फडात रेवड्यांच्या कुस्तीपासून सुरुवात करून इनामाच्या कुस्तीपर्यंत गेलेले. दाजी कबड्डीत चढाईला एक नंबर, आजही यार्डातले जुने हमाल त्यांना त्या काळच्या टोपणनावानं हाक मारतात. ताई शाळेच्या खो-खो संघात होती. हे ती स्वतःहून कधी सांगत नाही, पण पोरगं धडपडलं की पहिला टोमणा तोच असतो. आणि आता त्यांचा मुलगा, वय वर्षं सतरा, डावखुरा फिरकी गोलंदाज. सिमेंटवर टेनिस बॉल वळवायला शिकलेला पोरगा. ज्यांनी कधी प्रयत्न केलाय त्यांना कळेल, हे किती अवघड आहे ते.

गेल्या उन्हाळ्यात त्याला एका अकादमीत ‘घेतलं’. घरात पेढे वाटले. मीही सासवडहून फोन करून अभिनंदन केलं. नंतर कळलं, घेतलं म्हणजे नेटमध्ये बॉलिंग टाकायला घेतलं. संध्याकाळी दोन-अडीच तास फी भरणाऱ्या मुलांना बॉल टाकायचे. त्याबदल्यात फी माफ, येण्या-जाण्याचे पैसे आणि वडापाव. महिना-दीड महिना झाल्यावर त्यानं सरांना विचारलं, मला बॅटिंग कधी मिळणार? उत्तर मिळालं, “तुझं काम बॉलिंग आहे ना? मग तेच नीट कर.”

ताईच्या घरी जेवताना त्यानं हे हसत सांगितलं. दाजी काही बोलले नाहीत. मीही तेव्हा गप्प बसलो. पण माझ्या डोक्यात लख्खकन एक जुनी गोष्ट पेटली आणि ती गेले काही महिने विझेना, म्हणून हे लांबलचक लिहायला बसलोय. ज्यांना रील बघायचे असतील त्यांनी पुढं सरकावं, रागावणार नाही.

ही गोष्ट पुण्यातलीच. 1892 सालातली.

बाळू पालवणकर तेव्हा सोळा वर्षांचे होते. जन्म 1876 चा, धारवाडचा. घराणं मूळ कोकणातल्या पालवण गावचं, म्हणून पालवणकर. जात चांभार. वडील लष्कराच्या नोकरीत, त्यामुळे कुटुंब पुण्यात. गोऱ्या साहेबांनी टाकून दिलेल्या बॅटी आणि चेंडूंवर बाळू आणि धाकटा शिवराम खेळायला शिकले. (आमच्या भाच्याची पहिली लेदर बॉलची पिशवीही कुणीतरी टाकून दिलेलीच होती. असो.) पहिली नोकरी पारशांच्या एका क्लबात, खेळपट्टी झाडायची आणि रोलर फिरवायचा, पगार महिना तीन रुपये. मग पूना क्लब. तिथं चार रुपये. एक रुपयाची बढती आणि कामं वाढीव: रोलर, जाळी बांधणं, क्रीज आखणं आणि साहेब सरावाला आले की त्यांना चेंडू टाकणं.

त्या साहेबांत एक होता कॅप्टन ग्रेग. जॉन ग्लेनी ग्रेग. जॉन ग्लेनीचं लोकांनी ‘जंगली’ करून टाकलेलं. हिंदुस्थानातला त्या काळचा सर्वांत चांगला गोरा फलंदाज म्हणून त्याचं नाव होतं. हा गडी सगळ्यांच्या आधी मैदानावर यायचा आणि तासन् तास बाळूंना चेंडू टाकायला लावायचा. असं सांगतात की बाळूंनी त्याला आउट केलं की तो दर वेळी आठ आणे द्यायचा. खरं-खोटं देव जाणे, पण हिशेब करून बघा. महिन्यातून आठ वेळा ग्रेग आउट झाला की बाळूंचा पगार दुप्पट!

या नेटमधूनच बाळू घडले. रोज चांगल्या फलंदाजाला शेकडो चेंडू टाकले की टप्पा, उंची, वळण सगळं बोटांत बसतं. त्यांची तुलना पुढे इंग्लंडच्या विल्फ्रेड ऱ्होड्सशी झाली ती उगाच नाही. पण सगळ्या गोष्टीत मला खटकत राहणारी बाब एकच. पूना क्लबच्या नेटमध्ये बाळूंना कधीही बॅट हातात घेऊ दिली नाही. फलंदाजी हे साहेबाचं काम. चेंडू टाकणं हे नोकराचं.

एकशे तीस वर्षं झाली. वाक्य तेच आहे, बोलणारा बदललाय.

आता कुणीतरी लगेच म्हणणार, अहो पत्रकार, त्या काळची अस्पृश्यता आणि आजची अकादमी यांची तुलना कशी करता? बरोबर आहे. तुलना सरसकट होत नाही आणि मी करतही नाही. भाच्याला कुणी वेगळ्या कपात चहा दिला नाही. बाळूंना दिला होता. तेही कुठं, ते ऐका.

पुण्यातल्या हिंदूंच्या क्लबाला साहेबांच्या क्लबाला हरवायचं होतं. बाळूंसारखा गोलंदाज शहरातच होता, पण घ्यायचा कसा, यावर बरीच चर्चा झाली. अखेर घेतलं. का घेतलं हे महत्त्वाचं आहे. कुणाला एका रात्रीत समतेचा साक्षात्कार झाला नव्हता. जिंकायचं होतं. मैदानावर तोच चेंडू सगळे हातात घ्यायचे, बाळूंच्या बोटांचा घाम लागलेला चेंडू स्लिपमधला ब्राह्मण झेलायचा, त्यात विटाळ नव्हता. मात्र चहाची वेळ झाली की बाळू पॅव्हेलियनच्या बाहेर. त्यांना चहा मातीच्या भांड्यात, पिऊन झाला की फेकून द्यायचा. जेवण वेगळ्या ताटात, वेगळ्या टेबलावर. तोंड धुवायला पाणी द्यायचं तरी ते त्यांच्याच जातीसारख्या दुसऱ्या नोकरानं.

साताऱ्याच्या गोऱ्यांविरुद्धच्या सामन्यात बाळूंनी विकेटांची रास लावली आणि संघ परतल्यावर त्यांचा पुण्यात जाहीर सत्कार झाला. न्यायमूर्ती रानडे यांच्यासारख्या माणसानं तेव्हा सरळ विचारलं की ज्यांच्याबरोबर खेळता त्यांच्याबरोबर जेवायला काय हरकत आहे. प्रश्न चांगलाच होता. पण सत्काराच्या हाराची फुलं सुकायच्या आत सगळे आपापल्या पंगतीला गेले असणार, हे आपल्या पुण्याला ओळखणारा कुणीही सांगेल.

मार्केट यार्डात उभं राहून हे आठवतं तेव्हा मला बाबा आढाव आठवतात. ‘एक गाव एक पाणवठा’ ही त्यांची मोहीम 1970 च्या दशकातली. म्हणजे बाळूंच्या मातीच्या भांड्यानंतर जवळजवळ ऐंशी वर्षांनी याच महाराष्ट्रात गावोगाव फिरून लोकांना सांगावं लागत होतं की पाण्याची जागा सगळ्यांची एक असू द्या. आणि याच बाबांनी हमालांची संघटना बांधली, 1969 चा माथाडी कायदा झाल्यावर तो कागदावरून जमिनीवर यावा म्हणून आयुष्यभर भांडले, 1974 ला ‘कष्टाची भाकर’ सुरू केली. दाजी रोज दुपारी तिथंच जेवतात. तिथं आडत्याचा दिवाणजी आणि हमाल एकाच बाकड्यावर बसतो. मला हे फार मोठं वाटतं. ज्यांना वाटत नाही त्यांनी एकदा जाऊन झुणका-भाकर खाऊन यावी.

तर बाळू. 1896 ला पुण्यात प्लेग आला आणि पालवणकर मुंबईला गेले. आधी लष्कराची नोकरी, मग रेल्वेची. त्या काळी क्लब क्रिकेटरला नोकरी देणारा मालक हाच त्याचा आश्रयदाता असे. मुंबईच्या हिंदू जिमखान्यात प्रवेश मिळाला. तिथंही कुरकुर झाली, पण मुंबई पुण्यापेक्षा थोडी सैल निघाली, दोघं भाऊ हळूहळू इतरांच्या बरोबरीनं बसू-जेवू लागले. 1906 च्या फेब्रुवारीत हिंदूंनी युरोपियनांना 109 धावांनी हरवलं. संघात बाळू आणि शिवराम दोघंही. त्या विजयाची चर्चा देशभर झाली. राज्यकर्त्याला त्याच्याच खेळात हरवलं म्हणून आनंद, आणि हरवणाऱ्यांत चांभाराची पोरं होती म्हणून काहींना जास्त आनंद, काहींना जरा अवघडल्यासारखं.

1911 ला पतियाळाच्या महाराजांच्या नेतृत्वाखाली पहिला सर्व जातीधर्मांचा हिंदुस्थानी संघ इंग्लंडला गेला. महाराज एकोणीस वर्षांचे, त्यांना क्रिकेटपेक्षा लंडनच्या मेजवान्यांत जास्त रस. संघ बरेच सामने हरला. बाळू तेव्हा पस्तिशीचे, खांदा दुखत होता. तरी त्या दौऱ्यात त्यांनी 114 विकेट घेतल्या, सरासरी 18.84. शिवरामनंही सॉमरसेटविरुद्ध शतक ठोकलं. एकाच घरातले दोन भाऊ, ज्यांना आपल्या गावात चहाचा कप मिळत नव्हता, ते इंग्लंडच्या मैदानांवर कौंट्यांना नाचवत होते. परत आल्यावर मुंबईत त्यांचा सत्कार झाला तेव्हा मानपत्र लिहिणारा एक कॉलेजचा विद्यार्थी होता. त्याचं नाव भीमराव आंबेडकर.

कारकीर्दीचा एकूण हिशेब सांगतो: प्रथम श्रेणीचे 33 सामने, 179 विकेट, सरासरी 15.21. आजच्या पोरांना हे आकडे दाखवले तर ते म्हणतात, मग हा माणूस कप्तान कधी झाला?

झाला नाही.

1910 पासून दर वर्षी नाव चर्चेत यायचं आणि दर वर्षी मागं पडायचं. 1913 ला कप्तान झालेले एम. डी. पै यांनी स्वतःच जाहीर बोलून दाखवलं की हा मान माझ्यापेक्षा ज्येष्ठ असलेल्या बाळूंना मिळायला हवा होता. पै मोठ्या मनाचे होते. पण मोठ्या मनानं निवड समित्या चालत नसतात. 1920 ला तर कडेलोट झाला. चव्वेचाळीस वर्षांच्या बाळूंना संघातून वगळलं. पै आजारी पडले, तेव्हा कप्तानपद बाळूंच्या तिसऱ्या भावाकडे, विठ्ठलकडे यायला हवं होतं. विठ्ठल तोवर हिंदूंचा सर्वांत भरवशाचा फलंदाज झाला होता. ते गेलं पुण्याच्या दि. ब. देवधरांकडे. देवधर थोर खेळाडू, पुढे शंभरी पार केलेला पुण्याचा लाडका माणूस, त्यांचा यात दोष नाही. दोष देणाऱ्या हातांचा. विठ्ठल आणि शिवराम दोघांनी संघातून नाव काढून घेतलं आणि वर्तमानपत्रात निवेदन देऊन सांगितलं की आमच्या जातीमुळे आमचा हा अपमान होतोय आणि आम्ही तो सोसणार नाही.

मला या सगळ्या कहाणीतला सर्वांत मोठा क्षण 1906 चा वाटत नाही, 1911 चाही नाही. हा वाटतो. शंभर वर्षांपूर्वी दोन खेळाडू फॉर्मात असताना म्हणतात, आम्ही नाही खेळत जा. बोर्डाच्या एका ट्विटला घाबरणाऱ्या आजच्या खेळाडूंनी हे वाचायला हवं. लोकमत इतकं फिरलं की अंतिम सामन्यासाठी दोघांना परत बोलवावं लागलं, पै कप्तान म्हणून परतले आणि बाळूंना उपकप्तान केलं गेलं. सामन्यात पै काही वेळ मैदानाबाहेर गेले आणि तेवढा वेळ बाळूंनी संघ सांभाळला. तेवढंच काय ते त्यांचं कप्तानपद.

1923 ला अखेर विठ्ठल कप्तान झाला. हिंदूंनी स्पर्धा जिंकली, लोकांनी त्याला खांद्यावर घेऊन मिरवलं. आता पुन्हा हिशेब करा. पूना क्लबच्या चार रुपयांपासून हिंदू संघाच्या कप्तानपदापर्यंत 31 वर्षं लागली. तीही एका माणसाला पुरली नाहीत. मोठ्या भावानं सुरू केलेला रस्ता धाकट्यानं पुरा केला. सगळ्यांत धाकटा गणपत, तोही चांगला खेळायचा, तो तर तरुणपणीच गेला.

‘खेळाडू घराणं’ म्हणतो ना आपण, त्याचे दोन प्रकार असतात. एका घराण्यात वडिलांची ओळख, वडिलांचा क्लब, वडिलांचं किट मुलाला मिळतं. त्यात वाईट काही नाही. हेमंत कानिटकर आणि हृषीकेश कानिटकर, बाप-लेक दोघंही भारताकडून कसोटी खेळले, दोघंही स्वतःच्या धावांवर. पुण्याला त्याचा अभिमान आहे आणि असावा. दुसऱ्या प्रकारच्या घराण्यात मागच्यानं फक्त दार ढकलून ठेवलेलं असतं. पुढचा येईपर्यंत ते पुन्हा बंद होऊ नये म्हणून तो पाय अडकवून उभा राहतो. पालवणकर हे असं घराणं. दाजींचं घर अजून तिथंही पोहोचलेलं नाही. तालमीला तांबडी माती लागते, कबड्डीला आखलेली रेघ लागते. क्रिकेटला मैदान लागतं, खेळपट्टी लागते, पॅड, हेल्मेट, चांगली बॅट, दर थोड्या दिवसांनी नवा बॉल आणि सगळ्यात महाग म्हणजे कुणाची तरी ओळख.

मागे एकदा मी बाळूंवर एक लेख दिला होता. कुठं ते सांगत नाही. छापून आला तेव्हा मथळा होता, ‘जिद्दीच्या जोरावर गाठले शिखर’. मातीच्या भांड्याचा परिच्छेद जागेअभावी गेला म्हणे. आठ आण्यांचा राहिला. जागा आठ आण्यांना असते! हल्ली त्यांच्यावर हिंदी सिनेमाही जाहीर झालाय. चांगलंच आहे, पण मला भीती हीच वाटते की शेवटी स्टेडियम उभं राहून टाळ्या वाजवेल, ग्रेग टोपी काढेल, आणि आपण डोळे पुसत बाहेर पडू. मुंबईत प्रभादेवीला पी. बाळू मार्ग आहे. कितीतरी लोक रोज कुरिअरवर तो पत्ता लिहितात. हा पी. बाळू कोण, हे दहा जणांना विचारून बघा.

आणखी एक गोष्ट, जी या ‘जिद्दी’च्या लेखांत बसत नाही म्हणून सहसा लिहीत नाहीत. बाळू नंतर राजकारणात आले. 1932 च्या पुणे करारावर त्यांची सही आहे. त्याआधी ज्या आंबेडकरांनी मानपत्र लिहिलं, त्यांच्याच विरोधात 1937 ला काँग्रेसनं बाळूंना मुंबईत उभं केलं. बाबासाहेबांना 13,245 मतं पडली, बाळूंना 11,225. बाळू हरले. मला व्यक्तिशः वाटतं, बरं झालं हरले. पण इतक्या जवळून हरले यावरून त्या काळात त्यांचं नाव किती मोठं होतं ते कळतं. आणि हेही कळतं की सत्कार करणारे सवड मिळाली की तुमचा वापरही करतात. 1955 च्या जुलैत ते गेले.

आता परत यार्डात येऊ.

मार्केट यार्डापासून नेहरू स्टेडियम पायी पंधरा-वीस मिनिटांवर. 1996 ला फेब्रुवारीच्या 29 तारखेला तिथं केनियानं वेस्ट इंडिजला हरवलं, 166 करून 93 ला गुंडाळलं. लाराचा वेस्ट इंडिज! मी तेव्हा शाळेत होतो आणि आमच्या आळीत दोन दिवस दुसरा विषय नव्हता. ज्या देशातल्या खेळाडूंना धड पगार नव्हता त्यांनी हे या मैदानावर केलं. आणि तिकडं पूना क्लबच्या मैदानावर 1948 ला भाऊसाहेब निंबाळकरांनी नाबाद 443 केल्या, ब्रॅडमनच्या विक्रमाला नऊ कमी असताना समोरच्या काठियावाडच्या संघानं जेवणाच्या सुट्टीत सामना सोडून दिला. म्हणजे पुण्याच्या मैदानांना इतिहास कमी नाही. प्रश्न हा आहे की त्यांच्यावर उद्या सकाळी कोण उतरणार.

शहरात मोकळी जागा दिसली की हल्ली दोनच गोष्टी होतात. एकतर पार्किंग, नाहीतर हिरवी जाळी आणि तासाच्या भाड्यानं बॉक्स क्रिकेट. रात्री दिवे लावून आयटीतली पोरं तिथं खेळतात, त्यांच्याबद्दल माझी तक्रार नाही, दिवसभर खुर्चीत बसलेल्या माणसानं घाम गाळावा. पण जी मैदानं सरकारी किंवा महापालिकेच्या जागेवर आहेत, म्हणजे ज्यांच्या जागेत दाजींच्याही करातला रुपया आहे, तिथं तासाचं भाडं भरल्याशिवाय आत पाऊल टाकता येत नसेल तर ते मैदान सार्वजनिक कसलं?

काही जण म्हणतील, गुण असेल तर वर येतोच. बाळू आलेच की. मी म्हणतो, बाळू आले कारण हिंदूंना गोऱ्यांना हरवायचं होतं आणि दुसरा तसा गोलंदाज नव्हता. गरज होती. बाळूंबरोबर त्याच पूना क्लबात रोलर ओढणारी आणखी पोरं असतील. त्यातलं एखादं चांगलं फलंदाज असेल. त्याला बॅटच मिळाली नाही, मग ते वर कुठून येणार? जे आले त्यांची नावं आपल्याकडं आहेत. जे आले नाहीत त्यांची यादी कुणी केलेली नसते, आणि मग आपण म्हणतो की गुण असेल तर वर येतोच.

दुसरे म्हणतील, फुकट शिकवतायत, वडापाव देतायत, अजून काय हवं? हे म्हणणारा माणूस मला जास्त त्रास देतो, कारण तो वाईट नसतो. त्या अकादमीतले सरही वाईट नाहीत. मी त्यांना भेटलो. त्यांनी स्वतः नेट बॉलर म्हणूनच दिवस काढलेत. ते म्हणाले, “फी भरणाऱ्या पालकाला मी काय सांगू? त्याच्या मुलाची वीस मिनिटं तुमच्या भाच्याला दिली तर उद्या तो दुसरीकडं जाईल.” माणूस खोटं बोलत नव्हता. जागेचं भाडं, खेळपट्टीचा खर्च, माळ्यांचे पगार हे सगळं त्या फीमधून निघतं. म्हणून मी त्यांचं किंवा अकादमीचं नाव लिहिणार नाही. कमेंटमध्ये विचारू नका.

पण या अडचणीतून वाट निघत नाही असं थोडंच आहे. सार्वजनिक जागा ज्यांना चालवायला दिली आहे त्यांच्या करारातच लिहा की आठवड्यातले इतके तास फी न घेता, आणि त्या तासांत नेट, बॉल आणि शिकवणारा माणूस, तिन्ही. नुसतं गेट उघडून ‘खेळा’ म्हणणं नको. जो पोरगा नेटमध्ये दोन तास बॉल टाकतो त्याला रोज दहा मिनिटं पॅड बांधून बॅटिंग, हा साधा नियम. त्याच्या कामाची वहीत नोंद आणि निवड चाचणीला पाठवताना फी भरणाऱ्यांइतकाच त्याचा हक्क. मैदानावर राबणाऱ्या माळ्यांच्या मुलांना तिथंच शिकायला मिळावं. यात कुणाचं दिवाळं निघणार नाही. माथाडी कायदा आला तेव्हाही आता बाजार बुडणार असं म्हणणारे होते. बाजार रविवारी जाऊन बघा, बुडालाय का.

दाजींना मी हे सगळं बोलून दाखवलं तेव्हा ते वजनकाट्यावरची धूळ फडक्यानं पुसत होते. म्हणाले, “अहो, आमचं काम काय, समोरचा माल जेवढा भरेल तेवढा सांगायचा. आडत्याचा शेतकरी असो नाहीतर कुणाचा. पोराचं पण कुणीतरी एकदा काट्यावर ठेवून सांगावं की. कमी भरला तर कमी. आमचं काही म्हणणं नाही.” मग थोड्या वेळानं, “पण ठेवा तरी.”

भाच्यानं अकादमी सोडलेली नाही. सोड असं सांगायची माझी हिंमत झाली नाही, कारण तिथं त्याला निदान लेदर बॉल हातात मिळतो. बॉलिंग सुधारली आहे, चेंडू आता हवेत जरा उशिरा खाली येतो. गेल्या शनिवारी मी यार्डात गेलो तेव्हा तो क्रेटच्या स्टंपांसमोर उभा होता, हातात कुणाची तरी जुनी बॅट, हँडलला सायकलची ट्यूब गुंडाळलेली. आठवी-नववीतली पोरं त्याला बॉल टाकत होती. मला बघून ओरडला, “मामा, थांबा ना दहा मिनिटं, बॅटिंग चालू आहे.”

मी गाळ्याच्या पायरीवर बसलो. सासवडची एसटी चुकली.